‘कायमची पाहुणी’ म्हणावं का?

इंदूरहून एका ताईंनी विचारलंय: अर्चना पूरणसिंह कपिल शर्माच्या कार्यक्रमात दर भागात दिसतात, तरी त्यांना ‘पर्मनंट गेस्ट’ म्हणतात. मी ‘कायमची पाहुणी’ लिहिलं, तर घरचे म्हणाले, पाहुणी आणि कायमची? ‘स्थायी अतिथी’ लिही. बरोबर काय?

ताई, तुमचंच ठेवा. खरी विसंगती ‘स्थायी अतिथी’त आहे. मनुस्मृतीत (३.१०२) अतिथीची ओळखच अशी दिलीय की तो एक रात्र राहतो, त्याचं राहणं अनित्य असतं, म्हणून तो अतिथी. त्याला ‘स्थायी’ कसं करणार?

‘पाहुणा’चं तसं नाही. हा संस्कृत ‘प्राघुण’, प्राकृत ‘पाहुण’ असा आलेला शब्द. मराठीने त्याला नात्यात ओढून घेतलं. लेकीच्या सासरची माणसं लग्नाला वीस वर्षं झाली तरी ‘आमचे पाहुणे’च असतात. मुक्काम किती, हे तिथे कुणी मोजत नाही. हा अर्थ मला फार मोलाचा वाटतो.

त्या खुर्चीकडेही बघा. २०१३च्या ‘कॉमेडी नाइट्स विथ कपिल’मध्ये तशा जागी नवज्योतसिंग सिद्धू बसत, ‘द कपिल शर्मा शो’मधली त्यांची जागा २०१९मध्ये अर्चनाबाईंनी घेतली. त्याआधी त्या ‘कॉमेडी सर्कस’मध्ये परीक्षक होत्या, म्हणजे गुण देत होत्या. इथे गुण देणं नाही. ऐकायचं, दाद द्यायची, कपिलच्या कोपरखळ्या हसत झेलायच्या. सिनेमाच्या प्रसिद्धीसाठी येणारे नट ते ‘आजचे पाहुणे’, या ‘कायमच्या’. दोन्हीकडे एकच शब्द छान बसतो.

‘पाहुणा कलाकार’ मात्र इथे नको. मालिकेत एखाद-दुसऱ्या भागापुरती भूमिका करणाऱ्यासाठी तो रुळलाय. बाई असेल तर ‘पाहुणी कलाकार’. ‘पाहुणा’ आकारान्त विशेषणासारखा बदलतो.

इंदुरात हिंदीच्या शेजारामुळे मराठी समारंभातही ‘मुख्य अतिथी’ कानावर पडतं. तिथेही आपला ‘प्रमुख पाहुणे’ आहेच की! तो सोडू नका.

तुमचं वाक्य आदरार्थी करायचं असेल तर: ‘अर्चना पूरणसिंह या कार्यक्रमाच्या कायमच्या पाहुण्या आहेत.’