एकेरीत पहिल्या शंभरात कधीच न आलेला टेनिसपटू राष्ट्रीय संघाचा प्रशिक्षक होऊ शकतो का, आणि त्यासाठी काय करावे लागते?

होऊ शकतो, आणि आपल्याकडे झालेलाही आहे. झीशान अली १९८८ च्या सोल ऑलिंपिकमध्ये खेळले, एकेरीच्या जागतिक क्रमवारीत १२६ व्या स्थानापर्यंत पोहोचले, पाठीच्या दुखण्याने त्यांचा खेळ लवकर थांबला आणि २०१३ पासून सुमारे दशकभर ते भारताच्या डेव्हिस करंडक (देशादेशांतली पुरुषांची सांघिक टेनिस स्पर्धा) संघाचे प्रशिक्षक होते. त्यांचे वडील अख्तर अली यांनीही आधी देशाकडून खेळून मग हेच काम केले. मात्र "जो स्वतः शंभरात आला नाही, तो इतरांना काय शिकवणार?" हा तुमच्या प्रश्नामागचा सूर मी माझ्या थोरल्या काकांकडून वर्षानुवर्षे ऐकत आलो आहे, म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

मी डावखुरा. देशांतर्गत मानांकन स्पर्धांपलीकडे माझी मजल गेली नाही, परंतु एकदा प्रतिस्पर्धी संघाचा पहिला एकेरीपटू डावखुरा असल्यामुळे मला राष्ट्रीय शिबिरात सरावासाठी बोलावणे आले. सामना हिरवळीवर होता. तिथल्या प्रशिक्षकांचीही व्यावसायिक कारकीर्द होती, पण क्रमवारीत ते कधी दोन आकड्यांत आले नव्हते. त्यांनी मला बेसलाइन सोडून बरेच पुढे, जवळजवळ सर्व्हिस लाइनपाशी उभे केले आणि तिथून डाव्या कोर्टात बाहेर वळत जाणारी सर्व्हिस करायला लावली, म्हणजे उजव्या हाताने खेळणाऱ्या आपल्या खेळाडूला बॅकहँडसाठी वेळच मिळू नये. पहिल्या दिवशी तो बिचारा नुसता चेंडू जाताना पाहत होता. प्रशिक्षकांनी त्याच्या ग्रिपला हात लावला नाही. रॅकेट मागे नेणे आखूड करायचे आणि चेंडूमागे बाजूला न धावता तिरके पुढे घुसायचे, एवढ्या दोनच गोष्टी ते सांगत राहिले. मी कारण विचारले तेव्हा ते म्हणाले, "ग्रिप हा त्याच्या स्वतःच्या कोचचा विषय आहे, माझ्याकडे तो आठवडाभरासाठी आला आहे." शिबिर संपेपर्यंत माझ्या त्याच सर्व्हिस तो थेट माझ्या पायांशी परतवू लागला होता.

घरी येऊन हे सांगितले तेव्हा काका म्हणाले, "म्हणजे त्यांनी शिकवले काहीच नाही!" त्यांच्या मते प्रशिक्षक म्हणजे फोरहँड शिकवणारा गुरुजी. राष्ट्रीय संघात येणाऱ्या खेळाडूला फोरहँड येत असतोच. तिथे ठरवायचे असते ते दुहेरीत कोणाची जोडी लावायची, कोण प्रवासाने थकला आहे, आणि यजमान असलो तर कोणते कोर्ट घ्यायचे. कोर्टाची निवड किती महाग पडते हे १९८७ ने दाखवले: सिडनीच्या हिरवळीवर ऑस्ट्रेलियाला ३-२ असे हरवणारा आपला संघ अंतिम फेरीत गोथेनबर्गला स्वीडनने निवडलेल्या, मातीच्या संथ क्ले कोर्टवर ५-० असा हरला. शिवाय सामन्यात कोर्टवर खुर्ची टाकून खेळाडूशी बोलतो तो न खेळणारा कर्णधार. प्रशिक्षकाचे बहुतेक काम त्याआधीच झालेले असते. नाव मोठे असले की हे सगळे आपोआप येते, ही आपल्याकडची शुद्ध अंधश्रद्धा आहे. उलट छोट्या स्पर्धांच्या पात्रता फेऱ्यांत वर्षे काढलेल्या माणसाला आपल्या खेळाडूंची रोजची अडचण अधिक चांगली कळते, कारण आपले बहुतेक एकेरीपटू तिथेच झगडत असतात.

अर्थात मोठ्या खेळाडूचा शब्द ड्रेसिंग रूममध्ये पटकन ऐकला जातो, हे नाकारण्यात अर्थ नाही, आणि शंभराबाहेरचा प्रत्येक जण चांगला प्रशिक्षक होतो असेही नाही. पदही भक्कम नसते. २०१३ च्या सुरुवातीला आघाडीचे बहुतेक खेळाडू अखिल भारतीय टेनिस संघटनेविरुद्ध उभे राहिले, डेव्हिस करंडकात दक्षिण कोरियाविरुद्ध दुसरी फळी खेळवावी लागली, आपण ४-१ हरलो, आणि त्या वर्षात प्रशिक्षकही बदलले.

राहिला तुमच्या प्रश्नाचा दुसरा भाग. आंतरराष्ट्रीय टेनिस महासंघाचे टप्प्याटप्प्याचे प्रशिक्षण अभ्यासक्रम करा, कारण कागद लागतोच. नेमणूक मात्र अखिल भारतीय टेनिस संघटनेच्या हाती असते. खेळत असतानाच शिबिरांत सरावासाठी जात राहा आणि जे खेळाडू पुढे संघात येतील त्यांच्याबरोबर प्रवास करा. घरच्यांपैकी कोणी क्रमवारी विचारलीच, तर १२६ हा आकडा सांगा, आणि पहिल्या शंभरातल्या किती जणांनी दशकभर असा संघ सांभाळला ते त्यांनाच शोधायला लावा. माझ्या काकांनी अजून उत्तर दिलेले नाही.