‘ग्लोरिया’ ही पोर्तुगीज सिरीज लिहिणारे पेद्रु लोपेस आधी काय लिहीत होते? डेली सोपच्या लेखकाला अशी सिरीज मिळते?

डेली सोपच लिहीत होते, आणि त्यात त्यांचं नाव होतं. मी मराठी मालिकांचे संवाद लिहितो, त्यामुळे या माणसाबद्दल मला जरा जास्तच कुतूहल.

पोर्तुगालमध्ये रोजच्या मालिकेला तेलेनोव्हेला म्हणतात. हे वेड ब्राझीलकडून आलं. पोर्तुगालची स्वतःची पहिली तेलेनोव्हेला १९८२ची. पाणी तिथेही घालतात, पण गोष्ट कधीतरी संपवायचीच असते. लोपेस यांची ‘लासुश द सांग’ (२०१०) म्हणजे लहानपणी ताटातूट झालेल्या दोन बहिणी आणि त्यांचं वैर. अगदी आपल्याकडे शोभेल असा मसाला! ब्राझीलच्या ग्लोबो वाहिनीचे मुरलेले लेखक अगिनाल्दु सिल्वा देखरेखीला होते. २०११मध्ये तिला आंतरराष्ट्रीय एमी हा टीव्हीचा मोठा पुरस्कार मिळाला. पुढे ग्लोबोच्याच एका गाजलेल्या जुन्या मालिकेचं पोर्तुगीज रूपही लोपेस यांनी लिहिलं.

‘ग्लोरिया’ २०२१ची, नेटफ्लिक्सची पहिली पोर्तुगीज सिरीज, दहा भागांची. काळ १९६८. ग्लोरिया दु रिबातेजु या खेड्यात अमेरिकेचं खरोखरचं प्रक्षेपण केंद्र होतं. तिथून कम्युनिस्ट पूर्व युरोपात ‘रेडिओ फ्री युरोप’ हा अमेरिकेच्या पैशावरचा रेडिओ ऐकवला जाई. सिरीजचा नायक तिथला इंजिनिअर, बड्या सरकारी घरातला, पण आतून रशियनांचा हेर. पोर्तुगालच्या आफ्रिकेतल्या वसाहती टिकवायला पोरं लढायला पाठवली जात होती तो हा काळ. गोवा तर १९६१लाच हातचा गेला होता. मला स्वतःला हेरगिरीपेक्षा गावातल्या बायकांचे प्रसंग आवडले. नवऱ्याला घाबरून असलेली बाई चार वाक्यांत उभी करणं हे मालिकेवाल्याचंच काम. मधले काही भाग मात्र रेंगाळतात.

आता तुमचा खरा प्रश्न. लोपेस निव्वळ एपिसोड लिहून देणारे नव्हते. एसपी तेलेव्हिजाव या निर्मिती कंपनीत कथाविभाग त्यांच्याच हाती होता आणि ‘ग्लोरिया’ त्याच गोटातल्या कंपनीने काढली. म्हणजे काय बनवायचं हे ठरवणाऱ्या टेबलावर लेखक बसलेला होता. आपल्याकडे पुढच्या आठवड्याचा ट्रॅकसुद्धा चॅनेलकडून येतो, आणि रात्री अकराला आलेल्या बदलांवर सकाळी सातला शूटिंग सुरू होतं. तेव्हा लिहीत राहाच, पण जमलं तर क्रिएटिव्ह टीममध्येही शिरा.