लिव्हर बायोप्सीत (यकृताच्या छोट्या तुकड्याच्या तपासणीत) इओसिनोफिल, म्हणजे एक प्रकारच्या पांढऱ्या रक्तपेशी, दिसले, म्हणजे काय समजायचं?

फक्त तेवढ्यावरून निदान होत नाही. थोड्या इओसिनोफिल पेशी ऑटोइम्यून हिपॅटायटिसमध्येही (शरीराची प्रतिकारशक्तीच यकृतावर हल्ला करते तो आजार) दिसतात. पण संख्या जास्त असेल तर आधी औषधांची चौकशी करा: फेनिटॉइन (फिट्सचं औषध), अमॉक्सिसिलिन-क्लॅव्ह्युलॅनेट (अँटिबायोटिक), आणि काढे-चूर्णंसुद्धा. लोक हे डॉक्टरांना सांगतच नाहीत, कृपया सांगा! गुळवेलीनंतर यकृताला इजा झाल्याचे रुग्ण 2021 मध्ये मुंबईतून नोंदवले गेले आहेत. औषधांमुळे झालेल्या यकृताच्या इजेत इओसिनोफिल असणं बऱ्याचदा त्यातल्या त्यात बरं लक्षण मानतात, आजार तुलनेने सौम्य राहतो. मात्र कोणतंही औषध स्वतःच्या मनाने बंद करू नका.

बायोप्सीत मध्यभागी मृत ऊती आणि भोवती इओसिनोफिलचा गराडा असेल तर टोक्सोकारा, फॅसिओलासारखे जंत शोधावे लागतात. यकृत प्रत्यारोपण झालेलं असेल तर रिजेक्शनची (शरीराने नवं यकृत नाकारण्याची) शंका पहिली.