जपानची सहल आणि ऑक्टोबरात मुदत संपणारी ठेव

प्रश्न : मी पुणे जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका असून ३१ मे २०२६ रोजी निवृत्त होत आहे. नोकरी १९९४ पासूनची असल्याने जुनी निवृत्तिवेतन योजना लागू आहे आणि दरमहा साधारण ६० हजार रुपये मिळतील असा अंदाज आहे. यजमान ६२ वर्षांचे असून त्यांचे निवृत्तिवेतन ३ हजार रुपये आहे. ११ लाखांची मुदत ठेव ऑक्टोबर २०२५ मध्ये पूर्ण होते, १६ लाख म्युच्युअल फंडात आहेत, आरोग्य विमा दोघांचा मिळून ५ लाखांचा आहे आणि कर्ज कोणतेही नाही. घरखर्च ४५ हजार रुपये असून सध्या महिन्याला ३० हजार शिल्लक राहतात. एका सहल कंपनीने २८ मार्च २०२६ रोजी निघणारी, १२ दिवसांची, फक्त १४ जणांची जपान सहल माणशी ४ लाख ३५ हजारांना देऊ केली आहे. त्याच कंपनीची ४० जणांची सहल ३ लाख ३५ हजारांना आहे. यजमान म्हणतात की आपले आपण गेलो तर दोघांचे साडेचार लाखांत भागेल. मुलगा म्हणतो की ठेवीला हात न लावता ५ लाखांचे प्रवास कर्ज घ्या. आम्ही शाकाहारी आहोत, हा आमचा पहिलाच परदेश प्रवास आहे आणि यजमानांचे गुडघे दुखतात. काय करावे?

उत्तर : आपण आकडे इतके व्यवस्थित कळवले आहेत की मला अंदाज बांधावे लागले नाहीत. सहलीचा कार्यक्रमही सोबत जोडलात हे फार बरे केलेत, कारण माझ्या उत्तराचा निम्मा भाग त्यातील सहाव्या दिवसावर उभा आहे. त्याकडे शेवटी येतो.

प्रथम कर्जाचा विषय संपवू. ५ लाख रुपये १४ टक्क्यांनी २४ महिन्यांसाठी घेतल्यास मासिक हप्ता सुमारे २४ हजार रुपये पडतो आणि एकूण व्याज ७६ हजारांच्या घरात जाते. आपला पगार मे २०२६ मध्ये थांबेल, हप्ते मात्र २०२८ पर्यंत चालतील, आणि ६० हजारांच्या निवृत्तिवेतनातून ४५ हजारांचा घरखर्च भागवून उरणाऱ्या रकमेत हा हप्ता मावत नाही. ठेवीवर साडेसहा टक्के मिळवायचे आणि कर्जावर १४ टक्के द्यायचे, यात ठेव शाबूत राहिल्याचे समाधान तेवढे मिळते. मुलाचा हेतू चांगला आहे, पण हा मार्ग सोडून द्यावा.

यजमानांचा हिशेब मी तपासला आणि तो जवळपास बरोबर निघाला. विमानभाडे माणशी ६५ ते ७० हजार, ११ रात्रींसाठी दोघांची खोली सरासरी २० हजार येन, टोकियो ते क्योटो शिंकान्सेनचे, म्हणजे बुलेट ट्रेनचे, एका बाजूचे सुमारे १४ हजार येन, पुढे हिरोशिमा व परत ओसाका, रोजचे जेवण, स्थानिक प्रवास, व्हिसा आणि विमा हे सगळे धरले तर माणशी सव्वादोन लाख होतात. त्यांनी एकच गोष्ट जुन्या माहितीवरून धरली आहे. सात दिवसांचा जपान रेल पास ऑक्टोबर २०२३ मध्ये २९,६५० येनवरून थेट ५० हजार येनवर गेला, त्यामुळे आपल्या मार्गासाठी सुटी तिकिटेच स्वस्त पडतील.

आता ८ लाख ७० हजार आणि साडेचार लाख यांच्यातील ४ लाख २० हजारांचा फरक नेमका कशाचा, हे पाहणे आवश्यक आहे, कारण तो स्थळदर्शनाचा मुळीच नाही. टोकियोचे सेन्सो-जी मंदिर विनामूल्य आहे, क्योटोचे फुशिमी इनारी विनामूल्य आहे, किन्काकु-जी ५०० येन, कियोमिझु-देरा ५०० येन, मियाजिमा बेटावरील इत्सुकुशिमा देवस्थान ३०० येन आणि हिरोशिमाचे शांतता स्मारक संग्रहालय २०० येन. सगळे मिळून माणशी १,५०० येन, म्हणजे आजच्या दराने ९०० रुपये. पुण्यातील बऱ्या हॉटेलात दोघांचे एक जेवणही याहून महाग पडते. फरकाच्या रकमेत दोघांचा मिळून सुमारे ४१ हजारांचा जीएसटी आहे, थोडी वरच्या दर्जाची हॉटेले आणि तयार जेवण आहे, कंपनीचा खर्च व नफा आहे, आणि सहल व्यवस्थापकाचा वाटा आहे. हा शेवटचा वाटा समजून घ्यावा. व्यवस्थापकाचे विमान, मुक्काम आणि मानधन मिळून ५ लाख खर्च होतो असे धरले, तर ४० जणांत तो माणशी साडेबारा हजार पडतो आणि १४ जणांत जवळजवळ ३६ हजार. लहान गट महाग असण्याचे साधे कारण हेच आहे.

मग हा पैसा वाया जातो का? आपल्या बाबतीत मला तसे वाटत नाही. जपानमध्ये शाकाहार ही आपल्या कल्पनेपेक्षा अवघड बाब आहे. वरून निरुपद्रवी दिसणारे मिसो सूप किंवा उदोन नूडल्सचा रस्सा हे बहुतेकदा दाशीवर बेतलेले असतात आणि दाशीत वाळवलेल्या बोनिटो माशाचा अर्क असतो. हे दर जेवणाला विचारत बसणे पहिल्याच परदेश प्रवासात आणि अनोळखी भाषेत थकवणारे ठरते. त्यात गुडघे दुखत असताना मोठ्या स्थानकांतून सामान ओढणे आले. क्योटो स्थानकात शिंकान्सेन दोनेक मिनिटेच थांबते आणि लांबी, रुंदी, उंची मिळून १६० सेंटिमीटरपेक्षा मोठ्या बॅगेसाठी जागा आधी राखून ठेवावी लागते. तेव्हा ‘आपले आपण’ हा पर्याय पैशांत सर्वांत चांगला असला तरी तो तुमच्या दोघांसाठी नाही, असे माझे मत आहे. यजमानांना ते पटणार नाही याची मला कल्पना आहे. दोन-तीन प्रवास झाल्यावर त्यांनी हाच हिशेब पुन्हा काढावा.

आता पैसा कोठून आणायचा ते पाहू. ११ लाखांची ठेव ही आपल्या घरातील एकमेव सहज हाताशी येणारी गंगाजळी आहे. सहलीचे ८ लाख ७० हजार, वरखर्चाचे व खरेदीचे ८० हजार आणि कर संकलनाचे (सहल कंपनी पॅकेजवर आगाऊ घेते तो कर, म्हणजे टीसीएस) ४३,५०० मिळून जवळजवळ १० लाख त्यातून गेले, तर निवृत्तीला दोन महिने उरले असताना हाताशी एक लाख राहतील. दोघांचा मिळून ५ लाखांचा आरोग्य विमा या वयाला अपुरा आहे. म्हणून ठेवीतील ५ लाख आजारपणासाठी वेगळे बांधून ठेवावेत आणि ऑक्टोबरपूर्वीच एक सुपर टॉप-अप विमा, म्हणजे ठरावीक रकमेच्या वरचा उपचारखर्च देणारा विमा, घ्यावा, हे मी सहलीच्याही आधी सांगेन. म्युच्युअल फंडांतील १६ लाख निवृत्तीच्या दहाव्या-पंधराव्या वर्षी महागाईशी झुंजायला लागणार आहेत, त्यांना हात लावू नये.

माझी सूचना अशी आहे की मार्चची सहल सोडून नोव्हेंबर २०२६ मध्ये, दिवाळी आटोपल्यावर जावे. त्यामागे केवळ पैसा नाही. मार्चअखेर ते एप्रिल हा आपल्या शाळेत वार्षिक परीक्षांचा काळ असतो, शिवाय सेवेत असताना परदेशी जाण्यासाठी पूर्वपरवानगी काढावी लागते, आणि निवृत्तिवेतनाचे प्रकरण कार्यालयात फिरत असताना आपण १२ दिवस गैरहजर असणे मला बरे वाटत नाही. मार्चअखेरीची साकुरा, म्हणजे चेरीचा बहर, आपल्या हातून जाईल हे खरे. पण क्योटोतील मेपलची पाने नोव्हेंबरच्या दुसऱ्या पंधरवड्यात तांबडीलाल होतात आणि तो काळही काही कमी मोलाचा नसतो.

पैशाची बांधणी अशी करता येईल. ऑक्टोबरात ठेव पूर्ण झाल्यावर ५ लाख वर सांगितल्याप्रमाणे बाजूला ठेवून उरलेल्या ६ लाखांची ११ महिन्यांची नवी ठेव करावी, म्हणजे सप्टेंबर २०२६ मध्ये, शिल्लक रक्कम भरण्याच्या वेळी, ती हाती येईल. साडेसहा टक्के धरले तर सुमारे ३५ हजार व्याज मिळेल. सध्याच्या मासिक शिलकीतून २५ हजारांची आवर्ती ठेव ऑक्टोबर ते मे चालवली तर आणखी २ लाख जमतात. एकूण ८ लाख ३५ हजार. लहान गटाच्या सहलीला सर्व धरून जवळजवळ १० लाख लागतात, म्हणजे सुमारे १ लाख ६० हजारांची तूट राहते आणि ती उपदानातून (ग्रॅच्युइटीतून) भरता येईल. उपदान नेमके केव्हा हाती पडेल हे कोणी सांगू शकत नाही, म्हणून त्याच्या भरवशावर शिल्लक रक्कम भरण्याचे वचन देऊ नये. सप्टेंबरपर्यंत ते खात्यात आले नाही तर ४० जणांची सहल घ्यावी. ती वरखर्च व कर संकलन धरून ७ लाख ८५ हजारांच्या आत बसते, म्हणजे उपदानाविनाही झेपते. दर थोडे वाढतील, पण तेवढी जागा या हिशेबात आहे.

कर संकलनाविषयी दोन शब्द. एप्रिल २०२५ ते मार्च २०२६ या वर्षात परदेशी सहलीच्या पॅकेजवर माणशी वर्षाला १० लाखांपर्यंत ५ टक्के आणि त्यावरील रकमेवर २० टक्के टीसीएस होता, आणि माझे आकडे त्याच दराचे आहेत. हा खर्च नव्हे, आगाऊ कर आहे, आणि विवरणपत्र भरल्यावर परत मिळतो किंवा आपल्या करात वळता होतो. दोघांच्या पावत्या आपापल्या पॅनवर घ्याव्यात. यजमान विवरणपत्र भरत नसतील तर त्या वर्षी भरावे लागेल, अन्यथा त्यांची ही रक्कम (५ टक्क्यांनी २१,७५० रुपये) अडकून पडेल. एक गैरसोय मान्य करतो : सहलीचे पैसे एप्रिल २०२६ नंतर भरल्यास ही रक्कम २०२७ च्या उन्हाळ्यापर्यंत परत येणार नाही. हे दर अर्थसंकल्पात बदलतात, तेव्हा भरणा करण्यापूर्वी चालू दर विचारून घ्यावा.

पत्रकात किमतीचा एक भाग येनमध्ये लिहिला आहे, तिकडे आपले लक्ष गेले नसावे. माणशी ३ लाख येन हे पैसे भरतानाच्या दराने द्यावयाचे आहेत. आज १०० येनला साधारण ५८ ते ६० रुपये पडतात आणि कंपनीने ६० धरले आहेत. २०२० मध्ये हाच दर ७० च्या घरात होता. १०० येनचा दर ६७ रुपयांवर गेला तर दोघांचे ४२ हजार वाढतील. येनच्या चढउतारावर पैज लावण्याचे कारण नाही, पण दर सोयीचा असताना वरखर्चाचे येन प्रवासी कार्डावर टप्प्याटप्प्याने घेऊन ठेवायला हरकत नाही. मार्च २०२६ पासून क्योटो शहर मुक्काम कर वाढवत आहे आणि एका रात्रीला १० हजार येन हा आकडा वाचून आपण धास्तावल्याचे लिहिले आहे. तो दर माणशी लाख येनच्या खोल्यांसाठी आहे. ६ हजार ते २० हजार येनच्या दरम्यान राहणाऱ्यांना तो माणशी ४०० येन, म्हणजे २४० रुपये पडेल.

आता सहावा दिवस. आपण पाठवलेल्या कार्यक्रमात त्या एका दिवसात किन्काकु-जी, कियोमिझु-देरा, फुशिमी इनारी आणि दुपारनंतर नारा अशी चार ठिकाणे लिहिली आहेत. किन्काकु-जी क्योटोच्या वायव्य टोकाला, फुशिमी इनारी दक्षिणेला, कियोमिझु-देरा पूर्वेच्या चढावर आणि नारा हे तर वेगळेच शहर. या गतीने फुशिमी इनारीला पोहोचायला अकरा-साडेअकरा वाजतील, म्हणजे ऐन गर्दीत. ते देवस्थान चोवीस तास उघडे असते. सकाळी साडेसहाला गेल्यास तिथल्या केशरी कमानींखालून, गुडघे सांभाळत, पायरी-पायरीवर थांबत चालता येते आणि मागून कोणी ढकलत नाही. १४ जणांच्या गटाला हे जमू शकते, ४० जणांच्या बसला जमत नाही. लहान गटासाठी माणशी जे एक लाख जास्त मोजायचे त्याचा मोबदला अशाच सकाळी मिळतो. पण कार्यक्रम जर मोठ्या सहलीचाच असेल आणि बसमधील खुर्च्या तेवढ्या रिकाम्या राहणार असतील, तर ते दोन लाख देऊ नयेत.

(जाता जाता एक सुचवतो. सिंहगड रस्त्यावरचे पु. ल. देशपांडे उद्यान, म्हणजे पूर्वीचे पुणे-ओकायामा मैत्री उद्यान, आपण पाहिले असेलच. ते ज्या कोराकुएन उद्यानाच्या धर्तीवर रचले आहे ते ओकायामात आहे आणि हिरोशिमाला जाणारी शिंकान्सेन त्याच शहरातून जाते. आपल्या कार्यक्रमात तेथे थांबा नाही. मागून पाहावा.)

म्हणून ३१ ऑगस्टपर्यंत माणशी ५० हजार भरण्याची जी मुदत कंपनीने घातली आहे ती जाऊ द्यावी आणि त्यांना नोव्हेंबर २०२६ च्या सहलीचा तासवार कार्यक्रम लेखी मागावा. त्यात क्योटो आणि नारा यांना स्वतंत्र दिवस आहेत का, पुरेशी माणसे न जमल्यास सहल किती दिवस आधी रद्द होते आणि त्या वेळी पूर्ण रक्कम परत मिळते का, तसेच आपण रद्द केल्यास किती कापले जाते, एवढे स्पष्ट असावे. दिवस वेगळे करून मिळाले आणि सप्टेंबरात उपदान खात्यात असले, तर लहान गटाची सहल निःसंकोच घ्यावी. यांपैकी एक जरी जमले नाही तरी ४० जणांची पुरेशी आहे, आणि उरलेल्या दोन लाखांतील काही भाग यजमानांच्या गुडघ्यांच्या उपचारासाठी आजच राखून ठेवता येईल.