डोक्यात खरंच चमचाभर प्लास्टिक?

प्रश्न: फॅमिली ग्रुपवर सारखी एक बातमी फिरतेय की माणसाच्या मेंदूत चमचाभर प्लास्टिक सापडलं आणि त्यानेच डिमेन्शिया, म्हणजे स्मृतिभ्रंश, होतो. खरंय का? आणि मेंदूला तर म्हणे वेगळं संरक्षण असतं, मग हे आत घुसतं कसं?

उत्तर: चमचा आधी बाजूला ठेवू. न्यू मेक्सिको विद्यापीठाच्या टीमने मृत व्यक्तींच्या मेंदूचे नमुने तपासले, २०२५ च्या फेब्रुवारीत 'नेचर मेडिसिन' या विज्ञानपत्रिकेत आलंय ते. २०१६ च्या नमुन्यांपेक्षा २०२४ च्या नमुन्यांत प्लास्टिक साधारण दीडपट निघालं, आणि लिव्हर-किडनीपेक्षा मेंदूत जास्त. चमचा हा त्यावरून लावलेला हिशोब. पण गोम अशी की टिश्यू खूप तापवून निघणाऱ्या वायूंवरून प्लास्टिक ओळखतात, मेंदूत चरबी भरपूर, आणि चरबी तापवली की पॉलिथिलीन या प्लास्टिकसारखाच सिग्नल येऊ शकतो, त्यामुळे नेमकं किती यावर शास्त्रज्ञांचंच एकमत नाही.

डिमेन्शियाचं म्हणाल तर त्या पेशंट्सच्या मेंदूत प्लास्टिक जास्त दिसलं हे खरं, पण असे मेंदू होते फक्त १२. शिवाय या आजारात मेंदूभोवतीची संरक्षक भिंत, म्हणजे ब्लड-ब्रेन बॅरियर, ढिली पडते आणि आतली सफाईही मंदावते, म्हणजे आजारामुळे प्लास्टिक साचलं असंही असू शकतं ना. ग्रुपवर हे कोणी लिहीत नाही!

आता आत घुसतं कसं. ती भिंत मोठ्या कणांना अडवते, एका मायक्रॉनपेक्षा (मिलिमीटरचा हजारावा भाग) बारीक नॅनोकणांचा मात्र भरवसा नाही. उंदरांना पॉलिस्टायरिन या प्लास्टिकचे कण पोटातून दिले तर सगळ्यात बारीक कण दोन तासांत मेंदूत दिसले. दुसरी वाट नाकाची. ब्राझीलच्या संशोधकांना १५ पैकी ८ मृतदेहांत वास ओळखणाऱ्या भागात, म्हणजे ऑलफॅक्टरी बल्बमध्ये, मायक्रोप्लास्टिक, म्हणजे प्लास्टिकचे अगदी बारीक तुकडे, मिळाले.

मला विचाराल तर मेंदूपेक्षा हृदयाचा पुरावा जास्त विचार करायला लावतो. इटलीत मानेच्या धमनीतला प्लाक, म्हणजे आत साचलेला चरबीचा थर, काढलेल्या २५७ पेशंट्सवर लक्ष ठेवलं, ज्यांच्या प्लाकमध्ये प्लास्टिक होतं त्यांना हार्ट अटॅक, स्ट्रोक किंवा मृत्यूचा धोका साडेचार पट. कारण तेच आहे हे यातूनही सिद्ध होत नाही, पण दुर्लक्ष करण्यासारखंही नाही.

नक्की काय ते कळेपर्यंत गरम खाणं प्लास्टिकच्या डब्यात भरू नका, मायक्रोवेव्हमध्ये तर नकोच, आणि शक्य तिथे बाटलीबंद पाणी टाळा. रक्त गाळून प्लास्टिक काढून देतो अशा जाहिराती येतात, त्यात पैसे घालू नका, त्याने तब्येत सुधारते हे अजून कोणी सिद्ध केलेलं नाही.