पहिल्या खेपेला कोणती पुस्तकं घ्यावीत? (विट्याकडच्या नव्या वाचनालयासाठी)

ताई, तुमचा प्रश्न असा दिसतोय: सांगली जिल्ह्यातल्या विट्याजवळच्या तुमच्या गावात जुनी शाळाखोली मिळालीय, सोनं-चांदी गाळायच्या धंद्यासाठी बाहेरगावी असलेल्या गलाई बांधवांनी पंचवीस हजार रुपये दिलेत, आणि सगळ्या वयाच्या माणसांना वाचता येतील अशी पुस्तकं घ्यायचीत. कथा-कादंबऱ्या निम्म्या आणि बाकीची निम्मी, असा तुमचा हिशेब आहे.

यादी देतो, पण आधी एक सांगतो. सगळे पैसे एका खेपेत संपवू नका. आत्ता निम्मे काढा, उरलेले चार-सहा महिन्यांनी देवघेवीची वही समोर ठेवून खर्च करा. काय वाचलं जातंय ते ती वहीच सांगेल.

मी सांगलीत एका सार्वजनिक वाचनालयात बरीच वर्षं देवघेवीला बसतोय. परत आलेलं पुस्तक मिटून त्याची कड बघायची सवय लागलीय मला. वाचणाऱ्याची बोटं जिथवर पोचली तिथवर पानांची कड मळकट होते, पुढं पांढरीफेक राहते. सहाशे पानी ऐतिहासिक कादंबऱ्या हौसेनं नेल्या जातात, आणि बऱ्याच वेळा पहिलं बोटभर मळकं नि बाकी कोरं असं परत येतं. 'मृत्युंजय'चं मात्र तसं नाही, तिची कड शेवटपर्यंत काळी असते आणि बायंडिंग पुन्हापुन्हा करावं लागतं. गावात नव्यानं वाचायला लागलेल्या माणसाचं पहिलंच पुस्तक अर्धवट सुटलं तर तो पुन्हा पायरी चढायला लाजतो. म्हणून पहिल्या खेपेला पुस्तक बारीक हवं आणि आपल्या मुलखातलं हवं. कादंबरी किती आणि माहितीपर किती, हे गणित नंतर.

सुरुवात 'बनगरवाडी'पासून करा, आणि एक नव्हे, तीन प्रती घ्या. व्यंकटेश माडगूळकर आटपाडी तालुक्यातल्या माडगूळचे, म्हणजे तुमच्या शेजारचेच. कादंबरी 1955 ची, पण आजही एका बैठकीत संपते. औंध संस्थानातल्या धनगरवाडीवर एक कोवळा मास्तर येतो. शाळा भरवता भरवता लोकांची पत्रं लिहितो, भांडणं मिटवतो, सगळ्यांना हाताशी धरून तालीम उभी करतो आणि तिच्या उद्घाटनाला राजेसाहेबांना बोलावतो. मग दुष्काळ पडतो आणि वाडी मेंढरं घेऊन उठून जाते. तुमच्याकडच्या म्हाताऱ्यांना हे कुणी समजावून सांगायची गरज नाही. त्यांना वाचता येत नसेल तर नातवंडाकडून मोठ्यानं वाचून घ्या, पुस्तक तसं ऐकायलाही गोड आहे.

तिच्या जोडीला अण्णा भाऊ साठ्यांची 'फकिरा'. वाटेगाव, शिगाव ही नावं वाचली की आपल्या माणसाची मान वर होते. राणोजी शिगावची जोगणी, म्हणजे जत्रेचा मान, आणायला जातो तिथून जी पकड बसते ती सुटत नाही. 1959 ची कादंबरी, बाबासाहेबांना अर्पण केलेली. बचत गटातल्या बायकांना आणि दहावीतल्या पोरांना सारखीच चालते. अण्णा भाऊंचं 'माझा रशियाचा प्रवास' पण घ्या, ते अगदीच लहान आहे. प्रवासवर्णन म्हणजे श्रीमंतांची हौस, ही समजूत ते मोडतं.

कथा वाचणाऱ्यांसाठी चारुता सागर यांचा 'नदीपार'. कवठेमहांकाळ तालुक्यातल्या मळणगावच्या या लेखकाचं नाव आपल्याच जिल्ह्यात फार थोड्यांना माहीत आहे, याचं मला वाईट वाटतं. 'जोगवा' सिनेमाच्या मुळाशी यांची 'दर्शन' ही कथा होती, एवढं सांगितलंत की पुस्तक नेणारे तयार होतील. विनोदाला शंकर पाटील आणि द. मा. मिरासदार, कुठलाही संग्रह चालेल.

विश्वास पाटलांची 'झाडाझडती' दुसऱ्या खेपेला ठेवा. जाड आहे. पण धरणग्रस्तांची ती गोष्ट आपल्याकडं वाचलीच पाहिजे, वारणेच्या धरणात घरं गेलेल्यांच्या वसाहती आपल्याच जिल्ह्यात आहेत. 'कोसला' मला फार आवडते, तरी पहिल्या खेपेला नको.

आता कथा-कादंबरी सोडून बाकीचं. इथं बहुतेक वाचनालयं चरित्रकोश, सामान्यज्ञान आणि 'यशस्वी कसे व्हाल' छापाची पुस्तकं भरतात. माझ्या मते साध्या माणसाला माहितीपर वाचनाची गोडी लागते ती दुसऱ्याचं आयुष्य वाचून. त्यामुळं आत्मचरित्रांवर जोर द्या. आटपाडीचे शंकरराव खरात यांचं 'तराळ अंतराळ' घ्या. गावकीची कामं करणाऱ्या घरातला हा मुलगा पुढं मराठवाडा विद्यापीठाचा कुलगुरू झाला आणि साहित्य संमेलनाचा अध्यक्षही. नंतर फलटणच्या बेबी कांबळे यांचं 'जिणं आमुचं'. दुकानात बसल्या बसल्या, घरच्यांपासून लपवून त्या कित्येक वर्षं लिहीत राहिल्या. हे पुस्तक बचत गटात एखादीनं नेलं तर महिनाभर परत येत नाही, कारण ते हातोहात फिरत असतं. दंड लावू नका तेव्हा. जमलं तर लक्ष्मीबाई टिळकांची 'स्मृतिचित्रे' यांच्या शेजारीच ठेवा. नवरा धर्मांतर करतो, संसार उलटापालटा होतो, आणि बाई हे सगळं खुसखुशीत हसत सांगतात.

तुमच्या भागात भुईमूग लावणारे आहेत ना? मग वीणा गवाणकरांचं 'एक होता कार्व्हर' लागेलच. सारखा कापूस घेऊन निकस झालेल्या अमेरिकेतल्या जमिनीत भुईमूग, चवळीसारखी शेंगवर्गीय पिकं फिरवून लावा, म्हणजे मातीत नत्र परत येईल, असं हा गुलामगिरीत जन्मलेला शास्त्रज्ञ शेतकऱ्यांना सांगत होता. शेतकरी हे पुस्तक शेतीचं म्हणून नेतो आणि माणसाच्या गोष्टीत अडकतो. विज्ञानासाठी नारळीकरांची 'यक्षांची देणगी' (आहेत त्या विज्ञानकथाच, पण इथंच ठेवा), आणि साताऱ्याच्या डॉ. दाभोलकरांचं 'भ्रम आणि निरास'. दाभोलकरांच्या पुस्तकावर गावात कुणी कुरकुर केलीच तर वाद घालत बसू नका, मांडणीवर राहू द्या. इतिहासाची हौस असणाऱ्यांना गोडसे भटजींचं 'माझा प्रवास' द्या. दक्षिणा मिळवायला निघालेला कोकणातला भिक्षुक 1857 च्या धामधुमीत ऐन झाशीत सापडतो, याहून थरारक काय हवं?

भाषांतरांत राम पटवर्धनांचं 'पाडस' आणि उमा कुलकर्णींनी कन्नडमधून आणलेलं भैरप्पांचं 'वंशवृक्ष'. बास, इतकी पुरे. सुहास शिरवळकर, नारायण धारप, रत्नाकर मतकरी यांची रहस्याची नि भुताखेतांची चार-पाच पुस्तकं नक्की घ्या, आणि समितीतल्या कुणी नाक मुरडलं तर मुरडू द्या. भुताची गोष्ट वाचायला आलेला पोरगाच पुढं बाकीच्या कपाटाकडं वळतो.

खरेदीचं थोडं. महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळ, नॅशनल बुक ट्रस्ट, साहित्य अकादमी यांची पुस्तकं खासगी प्रकाशकांपेक्षा स्वस्त पडतात. मिरज-सांगलीच्या दुकानांत वाचनालयाच्या नावानं बिल मागा, सवलत मिळते. देणगीत आलेली पुस्तकं मात्र उघडून बघितल्याशिवाय घेऊ नका. रद्दीत घालवायचं जिवावर येतं म्हणून लोक जुनी गाइडं आणि वाळवी लागलेले खंड आणून देतात, आणि एका खंडाची वाळवी सगळं कपाट खाते. दिवाळी अंक मात्र मागून घ्या, मागच्या वर्षीचे असले तरी चालतील. आणि पहिल्या दिवसापासून दाखल नोंदवही, म्हणजे आलेल्या प्रत्येक पुस्तकाची क्रमवार नोंद, ठेवा, पुढं सरकारच्या 'ड' वर्गाच्या (वाचनालयांच्या सगळ्यात खालच्या पायरीच्या) मान्यतेसाठी अर्ज करायचा झाला तर ती लागतेच.

शेवटी स्पर्धा परीक्षेच्या पोरांचं विचारलंत. त्यांच्यासाठी पुस्तकांवर पैसे घालू नका, अभ्यासक्रम बदलला की ती पुस्तकं वाया जातात आणि पोरं आपापली घेऊन येतातच. त्यांना एक लांब टेबल, चांगला उजेड, पंखा आणि रोजची दोन वर्तमानपत्रं द्या. किल्ली त्यांच्यातल्याच एकाकडं ठेवा, म्हणजे रात्री दहापर्यंत खोली उघडी राहील.