दार कुठलं, ते आधी सांग

सिव्हिल लाइन्स, नागपूर

बाळा, अनेक आशीर्वाद.

तू मला सांगितलं नाहीस. बाररूममध्ये चहा घेताना कळलं की महापालिकेच्या तिकिटासाठी तू बायोडेटा देऊन आलीस. सांगणारा हसत होता, म्हणून मी हसले नाही. सहा वर्षांपूर्वी माझ्याच चेंबरमध्ये तू पहिला वकालतनामा भरलास आणि पक्षकाराची सही घ्यायची विसरलीस, ते मला अजून आठवतं. न विचारता गेलीस ना? मग आता न मागितलेला सल्लाही ऐकून घे.

आधी पोटाचं. बायोडेटात 'वकिली सोडून पूर्णवेळ समाजसेवा' असं काही लिहिलं असशील तर ते खोड. याच शहरात डिसेंबर १९२० च्या काँग्रेस अधिवेशनात असहकाराच्या ठरावावर शिक्कामोर्तब झालं. वकिलांनी कोर्टांवर बहिष्कार घालावा असं ठरलं आणि मोतीलाल नेहरू, चित्तरंजन दास यांच्यासारख्यांनी भरभराटीची वकिली सोडली. त्यांच्याकडे सोडण्यासारखी होती. तुझी आठवड्याला चार मॅटर बोर्डावर, म्हणजे कोर्टाच्या सुनावणीच्या यादीत, लागतात, त्यातली दोन माझी असतात. नगरसेवकाच्या मानधनात चेंबरचं भाडंही धड निघायचं नाही. आमदार-खासदारांनासुद्धा वकिली करता येते, हे सुप्रीम कोर्टानं २५ सप्टेंबर २०१८ ला स्पष्ट केलंय. मग तू कशाला सोडतेस?

मी हे पैशासाठी म्हणत नाही. कधीतरी कुणी पुढारी एक कागद पुढे सरकवून म्हणेल, 'मॅडम, इथे सही करा.' त्या दिवशी 'नाही' म्हणायला उद्याच्या बोर्डावर आपलं मॅटर असावं लागतं. ज्याला दुसरीकडे भाकरी नाही त्याची सही लवकर मिळते. तिकीट नाही मिळालं तर सरकारी वकिलांच्या पॅनलवर घेऊ, असंही तुला सांगतील. सरकारी वकिली कमीपणाची नाही. भूषण गवई हायकोर्टाच्या आपल्याच नागपूर खंडपीठात सहायक सरकारी वकील होते, पुढे सरकारी वकील झाले आणि २०२५ मध्ये सरन्यायाधीश. पण काम बघून मिळालेलं पॅनल निराळं आणि तिकिटाऐवजी समजूत म्हणून मिळालेलं निराळं. त्या दुसऱ्या प्रकारच्या पॅनलचा हिशोब ठेवला जातो.

तू देवेंद्र फडणवीसांचं उदाहरण देशील, सगळेच देतात. १९९२ मध्ये इथूनच कायद्याची पदवी, त्याच वर्षी नगरसेवक, १९९७ मध्ये महापौर. ठीक आहे. पण वडील आमदार होते, घरात राजकारण होतं. ती वाट कोर्टाच्या आवारातून गेलेली नाही. तुझी जाणार आहे, म्हणून तुझ्याकडून लोकांची अपेक्षाही वेगळी असेल. ती काय असते, हे मी नगरसेवक असताना फार उशिरा शिकले.

२००२ ला मी निवडून आले तेव्हा गुंठेवारीचा, म्हणजे मंजुरीशिवाय पाडलेल्या भूखंडांचा, कायदा नुकताच आला होता. १ जानेवारी २००१ पूर्वीचे भूखंड विकास शुल्क भरून नियमित करता येणार होते. नागपुरात आरएल, म्हणजे प्लॉट नियमित झाल्याचं पत्र, कुणाला समजवावं लागत नाही. मुलीला स्थळ बघताना पत्रिकेआधी सासरच्या प्लॉटचं आरएल बघणारे बाप मला माहीत आहेत. वाठोड्याकडच्या एका वस्तीत मी सभा घेतली. तीनेकशे लोक, बहुतेक बायका. मी माइक हातात घेतला आणि म्हणाले, 'सहा महिन्यांत तुमच्या हातात आरएल देते.' केवढ्या टाळ्या! मी तेव्हा अकरा वर्षं वकिली केलेली बाई, आणि विकास आराखड्याचा नकाशा उघडून पाहिला नव्हता. त्या जमिनीवर खेळाच्या मैदानाचं आरक्षण होतं. आरक्षण हटवायचं तर नगररचना कायद्याच्या कलम ३७ खाली फेरबदलाचा प्रस्ताव, हरकती-सूचना आणि शेवटी राज्य शासनाची मंजुरी. म्हणजे दार मुंबईत मंत्रालयात होतं आणि मी लोकांना घेऊन झोन ऑफिसच्या पायऱ्यांवर बसले होते.

हे कळल्यावर तरी सांगायला हवं होतं. नाही सांगितलं. 'प्रोसेसमध्ये आहे' म्हणत साडेतीन वर्षं काढली. २००७ ला पडले, त्याचं फार वाटलं नाही. पण प्रचारात एका म्हातारीनं दारातच गाठून सांगितलं, 'वकीलबाई, तुमी कागद वाचता म्हनून भरोसा ठेवला होता. पुढाऱ्याचं आमी तसंही आयकत नाई.'

तेव्हापासून राजकारणात येऊ पाहणाऱ्या प्रत्येक वकिलाला मी एकच विचारते: माणूस प्रश्न घेऊन आला तर त्याचं दार कुठलं, हे तुला सांगता येतं का? झोन ऑफिस, महापालिकेची आमसभा, विधानसभा, हायकोर्ट की संसद? गडरलाइन तुंबली तर रिट करायचं नसतं आणि विधानसभेच्या हातातली गोष्ट कोर्टाकडून मागायची नसते. भाषण कुणीही करतो. चुकीच्या दारात उभ्या असलेल्या माणसाला 'काका, हे दार तुमचं नाही' म्हणायला कायदा यावा लागतो आणि थोडी हिंमतही. टाळ्या मिळत नाहीत ना त्याला.

चुकीच्या दाराची किंमत काय असते हे बघायचं असेल तर झिरो माइलजवळच्या गोवारी स्मारकापाशी जाऊन उभी राहा. उड्डाणपुलाला त्यांचं नाव आहे, वरून रोज गाड्या जातात. २३ नोव्हेंबर १९९४. हिवाळी अधिवेशन चालू होतं, गोवारी समाजाचा मोर्चा विधान भवनाकडे आला होता, अनुसूचित जमातीच्या सवलती मागत. चेंगराचेंगरीत ११४ माणसं गेली. बायका होत्या, लेकरं होती. मला वकिलीची सनद मिळून तेव्हा तीन वर्षं झाली होती. त्या संध्याकाळी शहर कसं गप्प झालं होतं ते मी लिहीत नाही. तुझ्या आईला विचार.

पुढचं मात्र वकिलानं नीट वाचायला हवं. समाजाला विशेष मागास प्रवर्गात घेतलं, पण मूळ मागणी ती नव्हती. मग कोर्ट. १४ ऑगस्ट २०१८ ला आपल्या खंडपीठानं गोवारींच्या बाजूनं निकाल दिला. चोवीस वर्षांनी! लोक रडले. १८ डिसेंबर २०२० ला सुप्रीम कोर्टानं तो निकाल रद्द केला. अनुसूचित जमातींच्या यादीत 'गोंड गोवारी' आहे, 'गोवारी' नाही, आणि यादीत भर घालणं कोर्टाचं काम नाही. अनुच्छेद ३४२ प्रमाणे तो अधिकार संसदेचा. हे सुप्रीम कोर्टानं २००० सालीच हलबा-कोष्टींच्या, म्हणजे जमातीच्या सवलती मागणाऱ्या विणकर समाजाच्या, प्रकरणात सांगितलं होतं आणि तो प्रश्न तर आपल्या इतवारीच्या गल्लीगल्लीतला. म्हणजे उत्तर वीस वर्षं आधी छापील निकालात होतं. त्या वीस वर्षांत किती पुढाऱ्यांनी मोर्चापुढे उभं राहून 'आम्ही मिळवून देऊ' म्हटलं असेल, मोज. किती जणांनी सांगितलं की हे दार दिल्लीत आहे आणि ते उघडेलच असं नाही?

दार ओळखणं म्हणजे एकाच दाराशी बसून राहणंही नव्हे. महाडचं बघ. १९२३ ला सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करण्याचा बोले यांचा ठराव मुंबईच्या विधिमंडळात मंजूर झाला. कागदावर चवदार तळं खुलं झालं, पाणी मिळालं नाही. मार्च १९२७ ला बाबासाहेब लोकांना घेऊन तळ्यावर गेले. विरोधकांनी दिवाणी दावा लावला आणि तो बाबासाहेबांनी हायकोर्टापर्यंत लढून १९३७ ला जिंकला. कुठल्या वेळी कुठे उभं राहायचं हे त्या बॅरिस्टरला माहीत होतं. चौदा वर्षं लागली, हेही लक्षात ठेव.

आता थोडं कामाचं. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या पॅनलवर नाव घाल. हे पॅनल तिकिटाच्या बदल्यात कुणी देत नाही, कारण त्यात फी फारशी नसते. महिला, मुलं, अनुसूचित जाती-जमाती यांना तिथे उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो, आणि तुझ्या प्रभागातल्या निम्म्या बायकांना हे माहीत नाही. वर्षभर त्या फाइली केल्यास तर प्रभागाचं जे चित्र दिसेल ते कुठल्या सर्व्हेत दिसायचं नाही. हिवाळी अधिवेशनात एक दिवस प्रेक्षक गॅलरीत बस आणि एक दिवस यशवंत स्टेडियमला धरणे देणाऱ्यांच्या मांडवात. मांडवात जास्त वेळ.

आणि ते होर्डिंग उतरव. लॉ कॉलेज चौकातलं. 'संघर्षकन्या ॲड.' यातला ॲड. तुझ्या चेहऱ्याएवढा मोठा आहे. बार कौन्सिलचा नियम ३६ वाच: वकिलाची पाटीही माफक आकाराची असावी आणि तो कुठल्या संघटनेशी जोडलेला आहे हे तिच्यावर नसावं. हे होर्डिंग वकिलीची जाहिरात नाही, उमेदवाराची ओळख आहे, असा बचाव करता येईल. मी तुझ्यातर्फे तो करणार नाही.

शेवटचं, आणि यात मी गंभीर आहे. तुमच्या मानेवाड्याच्या घरावर दोन वर्षांपूर्वी वरचा मजला चढला. वास्तुशांतीचं जेवण मी जेवले आहे. नकाशा मंजूर आहे का? महापालिका अधिनियमाच्या कलम १०(१ड) खाली अनधिकृत बांधकाम हे नगरसेवकाच्या अपात्रतेचं कारण आहे, मग बांधकाम स्वतःचं असो, जोडीदाराचं असो की अवलंबितांचं. समोरचा उमेदवार तुझी भाषणं ऐकणार नाही, तो आधी हा कागद शोधेल. मी असते तर तेच केलं असतं.

रविवारी सकाळी दहाला घरी ये. उमेदवारीचं कोरं शपथपत्र, घराचा मंजूर नकाशा आणि मालमत्ता कराची पावती घेऊन ये. शपथपत्र तू भर, मी उलटतपासणी घेते. तर्री पोहे येताना तू आण. आणि नकाशा सापडला नाही तर शनिवारीच फोन कर, म्हणजे बाकीचं सगळं बाजूला ठेवून आधी तेच बघू.

तुझी,
सिनिअर